काळ ताब्यात ठेवणारा मनोरा कसा बांधायचा (कथेसाठी, नाहीतर फासे टाकून खेळायच्या गेमसाठी)

दर तिसऱ्या फॅन्टसीत हा मनोरा असतोच. जंगलाच्या मधोमध उभा, दार नाही, खिडकी नाही, अन् गावातला एखादा म्हातारा सांगतो की बाप्पा तिकडे जाऊ नका, तिथे काळ थांबतो. इथपर्यंत सगळं झकास चालतं. मग टेबलावरचा एखादा पोट्टा विचारतो, "थांबतो म्हणजे काय बे, नेमका थांबतो कसा?" अन् गेम चालवणारा म्हणतो, "जादू आहे ना भाऊ." झालं, मनोरा तिथेच पडला. पुढे कितीही घुबडं बसवा, धुकं सोडा, निळा उजेड पाडा, कोणी घाबरत नाही.

म्हणून नकाशा काढायच्या आधी दोन गोष्टी ठरवून टाका. एक, हा मनोरा घड्याळ म्हणून कसा चालतो, म्हणजे जादू काढून टाकली तरी त्याच्यावर वेळ वाचता आली पाहिजे. दोन, तिथे जो वेळ साठून राहिला आहे तो कोणाच्या आयुष्यातून गेला. ही दोन उत्तरं पक्की असली की बाकीचं घर आपोआप भरतं, अन् ती नसली तर तुमच्याजवळ फक्त उंच इमारत आहे, मनोरा नाही.

आधी बांधणाऱ्याचं पाहू. काळ ताब्यात ठेवायची हौस जादूगारांपेक्षा राज्य चालवणाऱ्यांना जास्त असते, त्यामुळे व्हिलनला काळा झगा घालायच्या आधी त्याच्या हातात सरकारी शिक्का द्या. आपल्याकडचंच पहा ना. भारतीय प्रमाणवेळ १ जानेवारी १९०६ ला लागू झाली, पण मुंबईने आपली मुंबई टाइम सोडली नाही, ती प्रमाणवेळेच्या ३९ मिनिटं मागे असायची अन् हा प्रकार १९५५ पर्यंत चालून राहिला होता. म्हणजे शहर एक, माणसं तीच, अन् वेळा दोन. आता कल्पना करा की तुमच्या राज्यात राजा म्हणतो, माझ्या मनोऱ्यावर घंटा वाजली की साऱ्या मुलखात दुपार झाली, तुमचा सूर्य कुठे आहे ते मला सांगू नका. यात एकही मंत्र नाही तरी हा माणूस धोकादायक वाटतो की नाही?

नागपुरात बसून लिहिणाऱ्याला तर इथे आयता मालमसाला आहे. प्रमाणवेळ ठरते ती ८२.५ अंश रेखांशावरून, ती रेघ तिकडे मिर्झापूरजवळून जाते, अन् आपण आहोत साधारण ७९.१ वर. एका अंशाला चार मिनिटं धरा, म्हणजे आपल्या घड्याळात बारा वाजतात तेव्हा सूर्याला माथ्यावर यायला सरासरी साडेतेरा मिनिटं बाकी असतात (वर्षभरात हे थोडं मागेपुढे होतं, पण सरासरी तेवढीच). खऱ्या जगात ही साडेतेरा मिनिटं कुठेच जात नाहीत, मोजण्याचा करार आहे तो, बस. पण तुमच्या जगात ती मनोरा खातो. रोज, प्रत्येक माणसामागे साडेतेरा मिनिटं. हिशोब करून पहा, वर्षाला जवळपास साडेतीन दिवस होतात, अन् साठ वर्षं जगलेल्या माणसाचे जवळपास सात महिने. कोणाला कळतही नाही. दुपारचा डोळा लागला, उठलो, उशीर झाला, एवढंच वाटतं. माझ्या मते चोरी अशीच असली पाहिजे, लहान आणि रोजची. एका रात्रीत सारं गाव म्हातारं झालं वगैरे लय वापरून झालं आहे.

नागपूर वसलं ते देवगडचा गोंड राजा बख्त बुलंद शाह याने अठराव्या शतकाच्या सुरुवातीला बारा छोट्या वस्त्या जोडल्या त्यातून, असं सांगतात. खऱ्या राजाला तुमच्या गोष्टीतला व्हिलन करू नका, ते बरं दिसत नाही, पण बारा वस्त्यांचा ढाचा घ्या. बारा वस्त्या, प्रत्येकीने शहरात सामील व्हायच्या बदल्यात दिवसाचा एक तुकडा लिहून दिला. एका वस्तीने पहाट दिली, एकीने दिवेलागण. करारावर अंगठे आहेत. हे कागद मनोऱ्याच्या आत कुठेतरी सापडले पाहिजेत, अन् सापडले की तुमच्या पात्रांना समजतं की मनोरा फोडून भागणार नाही, करार मोडावा लागेल.

जागा कुठली? झिरो माइलला नका ठेवू, हात जोडून सांगतो. प्रत्येकाला तेच सुचतं. तो चार घोडेवाला खांब सर्व्हेवाल्यांचा आहे, अंतरं मोजायच्या कामाचा, वेळेशी त्याचं काही देणंघेणं नाही. त्यापेक्षा उघडं माळरान घ्या, रामटेकच्या बाजूला असतं तसं, जिथे क्षितिज दिसतं. घड्याळाला आकाश लागतं.

आता घड्याळ. सगळ्यात सोपं अन् सगळ्यात भारी घड्याळ म्हणजे सावली. नागपूर कर्कवृत्ताच्या दक्षिणेला, २१.१ अंशावर आहे, त्यामुळे वर्षातून दोनदा सूर्य बरोब्बर डोक्यावर येतो अन् सरळ उभ्या वस्तूची सावली काही क्षण गायब होते. पहिली खेप मे महिन्याच्या शेवटच्या आठवड्यात, साधारण २६ तारखेला, दुपारी १२ वाजून १० मिनिटांच्या आसपास. दुसरी जुलैच्या मध्यात. आता पहा, कोणीही न सांगता तुमच्या मनोऱ्याचा दरवाजा तयार झाला. मनोरा वर्षभर सावलीवर उभा आहे, सावली हेच त्याचं कुलूप, अन् ज्या क्षणी सावली नाही त्या क्षणी कुलूप नाही. मे मधे जायचं तर पंचेचाळीसच्या उन्हात भर दुपारी माळरानावर उभं राहायचं, पाणी संपत आलं आहे, डोकं गरगरून राहिलं आहे. अन् मे चुकला तर जुलै, पण जुलैत आकाश भरलेलं. ढग आडवा आला की दरवाजा उघडला की नाही हेच कळणार नाही. म्हणजे संधी वर्षातून दोन, त्यातली एक जीवघेणी अन् दुसरी बेभरवशाची. हे मी रचलं नाही, हे नागपूरचं हवामान आहे.

सावलीच्या घड्याळाचा आपल्याकडे सगळ्यात मोठा नमुना म्हणजे जयपूरच्या जंतरमंतरमधलं सम्राट यंत्र, सवाई जयसिंगाने अठराव्या शतकात बांधलेलं, उंची २७ मीटरच्या आसपास. लांबून पाहिलं तर नुसता आकाशात चढत गेलेला जिना वाटतो. त्या जिन्याची तिरकी कड पृथ्वीच्या आसाला समांतर असते, म्हणून तिचा कोन त्या गावच्या अक्षांशाइतका, जयपूरला २७ अंश. तुमच्या मनोऱ्यात, म्हणजे नागपूरच्या आकाशाखाली, हाच जिना २१ अंशांचा होईल, उत्तरेकडे चढणारा, अन् वरच्या टोकाला छिद्र ठेवलं तर रात्री तिथून ध्रुवतारा दिसेल. २१ अंश म्हणजे किती हे खेळणाऱ्यांना सांगताना हात लांब करून मूठ धरायला लावा, एक मूठ साधारण दहा अंश, दोन मुठी क्षितिजावर रचल्या की ध्रुवाची उंची आली. बाहेरून मनोरा उभा, आत जिना तिरका. बाहेरची भिंत कुलूप, आतला जिना घड्याळाचा काटा.

अन् आता माझी या सगळ्यातली सर्वात आवडती गोष्ट. सम्राट यंत्रावर सावली सेकंदाला साधारण एक मिलिमीटर सरकते, डोळ्याला सरकताना दिसते. पण तिची कड धारदार नसते, कारण सूर्य म्हणजे ठिपका नाही, त्याला रुंदी आहे, त्यामुळे ऊन संपून सावली सुरू होताना मधे वीतभर धूसर पट्टी राहते, जी धड ऊन नाही अन् धड सावलीही नाही. मोजणाऱ्यांना तिचा वैताग. आपल्याला सोनं. ठरवून टाका की मनोऱ्याच्या आत त्या वीतभर पट्टीत वेळ लागू नाही. ऊन म्हणजे झालेला काळ, सावली म्हणजे यायचा काळ, अन् मधल्या पट्टीत दोन्ही नाही. पात्राला जिन्यावर चढायचं असेल तर पट्टीबरोबर सरकत चढावं लागेल, सेकंदाला एक मिलिमीटर, मिनिटाला सहा सेंटीमीटर. पाय पट्टीबाहेर पडला की पडला. एका पायाची टाच उन्हात गेली अन् टाचेची कातडी भेगाळून पांढरी झाली, बोटं मात्र तशीच कोवळी, असा एखादा प्रसंग टाका, टेबलावर सगळे आपापले पाय आत ओढून घेतात.

रात्री अन् पावसाळ्यात सावली नसते, तेव्हा मनोरा चालतो पाण्यावर. घटिकापात्र ऐकलं असेल, जुन्या लग्नांत मुहूर्ताची वेळ धरायला वापरायचे. तांब्याची वाटी, बुडाला बारीक भोक, मोठ्या भांड्यात पाण्यावर सोडायची, हळूहळू भरते अन् २४ मिनिटांनी बुडते. ती एक घटका. दिवसाच्या ६० घटका, एका घटकेची ६० पळं, म्हणजे एक पळ २४ सेकंदांचं. मनोऱ्याच्या तळघरात अशा बारा वाट्या ठेवा, बारा वस्त्यांच्या. प्रत्येकीजवळ एक माणूस, काम एकच, वाटी बुडली की टोला द्यायचा अन् वाटी रिकामी करून परत सोडायची. वाटी राखणारी ही माणसंच मनोऱ्याचा कणा आहेत, राजा नाही. त्यातल्या एकाला नाव द्या, बोलतं करा, तो वैतागलेला पाहिजे, त्याला पाहिजे तर पाठदुखीही द्या.

ही वाटी घरी करून टेबलावर ठेवाच. पातळ स्टीलची वाटी घ्या, लाकडाच्या ठोकळ्यावर पालथी घालून सगळ्यात बारीक खिळ्याने बुडाला भोक पाडा, अन् पाण्याने भरलेल्या गंजात, म्हणजे मोठ्या पातेल्यात, सोडा. प्लास्टिकची घेऊ नका, ती भरली तरी तरंगत राहते, घ्यायचीच असेल तर आत एखादा जड नट चिकटवा. पाणी गाळून घ्या, कचरा भोकात बसला की वेळ बोंबलली. पूर्ण २४ मिनिटांच्या मागे लागू नका, पाच-सहा मिनिटांची वाटी खेळाला पुरते, फार लवकर बुडत असेल तर भोकावर थोडं मेण लावून ते बारीक करा. कूलरजवळ ठेवू नका, पाणी हलतं. अन् एक मजा पहा, कोमट पाण्यात वाटी लवकर बुडते अन् थंड पाण्यात उशिरा, कारण गरम पाणी जास्त पातळपणे वाहतं. म्हणजे तुमच्या मनोऱ्यात मे महिन्यातली घटका डिसेंबरातल्या घटकेपेक्षा आखूड. एखाद्या हुशार खेळणाऱ्याला हे सुचलं अन् तो म्हणाला की आपण तळघरातलं पाणीच तापवून टाकू, तर त्याला हो म्हणा. असे लोक रोज मिळत नाहीत.

मजल्यांचं गणित. इथे खरं विज्ञान जादूपेक्षा पुढे गेलेलं आहे. उंचावर वेळ खरोखर थोडी जास्त वेगाने चालते, गुरुत्वाकर्षणामुळे. १९५९-६० मधे हार्वर्डमधल्या एका इमारतीच्या बुरुजात, फक्त साडेबावीस मीटर उंचीच्या फरकावर, पाउंड आणि रेब्का या दोघांनी हे मोजलं. अन् २०२० मधे टोकियोच्या स्कायट्री टॉवरवर ४५० मीटर उंचीवर अतिशय अचूक घड्याळ ठेवून जपानी शास्त्रज्ञांनी निकाल छापला, वरचं घड्याळ दिवसाला साधारण चार नॅनोसेकंद पुढे जातं. म्हणजे काळ वेगळा चालणारा मनोरा आजही उभा आहे, फक्त फरक जाणवण्याइतका नाही. तुम्ही तो वाढवा, दिशा मात्र उलटी करू नका. वर वेगात, खाली संथ.

सोपा नियम घ्या, प्रत्येक मजल्याला दुप्पट. सात मजले असले तर सगळ्यात वरच्या मजल्यावर तळाच्या चौसष्टपट. खाली एक तास गेला की वर दोन दिवस सोळा तास गेले. एवढा एकच नियम ठेवा अन् मग त्याचे परिणाम शांतपणे मोजत बसा, कारण सारी मजा तिथेच आहे. वरच्या पहारेकऱ्याचा डबा तळमजल्याच्या स्वयंपाकघरातून जातो ना? स्वयंपाकी रोज पाठवतो, त्याच्या हिशोबाने. वरच्याला तो चौसष्ट दिवसांतून एकदा मिळतो. आमच्याकडे हा नियम सांगितला की पहिला प्रश्न हमखास हाच येतो, "अबे मग वरचा जेवतो काय?" उत्तर तुम्ही शोधा. गच्चीवर भाजीपाला लावला असेल, कबुतरं धरत असेल, नाहीतर वर कोणी जिवंतच नाही अन् स्वयंपाकी इमानदारीने डबे पाठवून राहिला आहे.

आवाजाचंही असंच. वर वेळ दुप्पट म्हणजे खालून आलेला सूर वर निम्म्या कंपनांचा ऐकू येतो. खालच्या मजल्यावर कोणी मध्य सप्तकातला सा लावला तर वरच्या मजल्यावर तो मंद्रातला सा होऊन पोचतो, बरोबर एक सप्तक खाली, अन् दोन मजले चढले की दोन सप्तकं. म्हणजे तुमच्या टोळीत गाणारं पात्र असेल तर त्याला मजल्यांचा नियम कानानेच कळेल, कोणी शिलालेख वाचून दाखवायची गरज नाही. प्रकाशाला हेच लागू, वरून खाली पाहिलं तर तळ लालसर अन् मंद दिसेल, खालून वर पाहिलं तर निळसर. फॅन्टसीतल्या मनोऱ्यांच्या टोकाला तो निळा उजेड असतो ना, घ्या, त्यालाही आता कारण मिळालं.

मागे जाणं बंद करा. भूतकाळात जायचा रस्ता ठेवला की अर्धा वेळ आजोबाला मारलं तर मी कसा जन्मलो यावर वाद होतो अन् गेम बाजूला राहतो. काळ वेगात जाईल, संथ जाईल, थांबेल, चोरला जाईल, पण उलटा जाणार नाही. विषय संपला.

आता चोरीचं दुसरं टोक, म्हणजे वस्त्या. इथे जास्त वेळ द्या, कारण मनोरा पाहून कोणी हळवं होत नाही, माणसं पाहून होतं. जी वस्ती दिवेलागण देऊन बसली आहे तिथे संध्याकाळ नाही. गुरं उन्हात चरत असतात अन् पुढच्या क्षणी काळोख, गाई गोठ्यात बांधलेल्या, पण कोणी बांधल्या हे कोणाला आठवत नाही. पोरं खेळायला बाहेर पडतात ती थेट अंथरुणात. एका वस्तीने रात्रीचा मधला तुकडा दिला, तिथे आजी झोपताना दुधाला विरजण लावते, भांड्यावर झाकण ठेवते, अन् सकाळी झाकण काढलं की दूध दूधच. दही लागायला वेळ लागतो अन् तो वेळ त्यांच्या वाट्याला आलाच नाही. आजी सुनेवर चिडते, विरजण जुनं आहे म्हणते, नवीन आणायला शेजारी पाठवते. शेजारणीकडेही तेच. मनोऱ्याचा पहिला धागा असाच द्या, दह्याच्या तक्रारीतून. भविष्यवाण्यांतून देऊ नका.

वस्तीवाल्यांचा काही विधी दाखवायचा असेल तर दूर जायची गरज नाही. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आपल्याकडे काळी अन् पिवळी मारबत, म्हणजे बाईचे मोठे पुतळे, मिरवणुकीने निघतात, रोगराई, संकट, जे जे नको ते घेऊन जा म्हणून लोक ओरडतात अन् बडग्यांवर, म्हणजे सोबतच्या पुरुषी पुतळ्यांवर, तर त्या वर्षीचा जो कोणी चीड आणणारा असेल तो चढतो. तुमच्या बारा वस्त्याही वर्षातून एकदा आपला काळचोर काढतात, पण त्यांना चोर कोण हे आठवत नाही, म्हणून पुतळ्याला चेहराच नाही. मिरवणूक जशीच्या तशी उचलून चिकटवू नका, तिच्यामागचा राग घ्या.

टेबलावर चालवताना घाई करायची नाही. पहिल्या बैठकीत मनोरा दाखवूच नका, फक्त वस्त्या. दुसऱ्या बैठकीत तो लांबून दिसू द्या अन् कोणीतरी सावली मोजू द्या. नकाशा कागदावर पूर्ण काढून द्यायचा नाही, बाहेरची उभी रेघ तुम्ही काढा, आतला तिरका जिना त्यांना काढू द्या, कोन चुकला तर चुकू द्या, आत गेल्यावर कळेलच. मोबाइल उलटे ठेवायला लावा, घड्याळं काढून घ्या, वेळ फक्त वाटीवर. वाटी बुडायच्या आधी काठ पाण्याला लागतो अन् मग गपकन जाते, तो शेवटचा क्षण सगळे बोलणं थांबवून पाहतात, तेव्हा काही वर्णन करू नका, वाटीला तिचं काम करू द्या.

शेवट दोन प्रकारचा ठेवा अन् निवड त्यांच्यावर सोडा. करार जाळला तर साठलेला सगळा वेळ एकदम वस्त्यांवर येतो, म्हणजे किती पिढ्यांच्या संध्याकाळी एका माणसाच्या अंगावर, त्यातून काहीजण एका दमात म्हातारे होतील. करार ठेवून वाट्या थोड्या थोड्या रिकाम्या केल्या तर वेळ हळूहळू परत जातो, रोज साडेतेरा मिनिटं, पण त्यासाठी कोणीतरी तळघरात बसून टोले देत राहिलं पाहिजे. कोण बसणार हे तुम्ही ठरवायचं नाही. अन् त्या बैठकीसाठी एक तयारी गुपचूप करून ठेवा, वाटीचं भोक आतून मेणाने पूर्ण बुजवा, वाटी नेहमीसारखी गंजात सोडा अन् फासे टाकायला सांगा. ती बुडत का नाही हे कोणी विचारेपर्यंत तुम्ही एक शब्द बोलायचा नाही.